फिल्ममधला आवाज

कॅम्प नंबर तीनच्या कापडाच्या दुकानात शिवराम ओव्हाळ गिऱ्हाइकांच्या गर्दीत उभा होता, तेव्हा त्याच्या मागून कुणीतरी स्वच्छ, भरदार आवाजात म्हणालं, “भीती? भीती कशाची वाटायची?” शिवरामने वळून पाहिलं नाही. त्याला वाटलं, असेल कुणी दोघं बोलत. चांगुणाने उशांच्या अभ्र्यांसाठी कापड आणायला पाठवलं होतं आणि जुन्या अभ्र्याचा एक तुकडा नमुना म्हणून हातात दिला होता. तो तुकडा गल्ल्यावर ठेवायचा, बोटांनी मीटर दाखवायचे, पैसे द्यायचे, निघायचं; तोंड उघडावं लागू नये अशी सगळी तजवीज होती. पण त्या वाक्यानंतर त्याच्या मानेतल्या, म्हणजे मानेत जे काही उरलं होतं त्यातल्या शिरा आपोआप ताणल्या गेल्या. झोपेत कुणी नाव घेतलं की अंग दचकतं आणि जाग नंतर येते, तसं झालं. मागचा आवाज पुढे बोलतच होता. “आवाज जाईल. जाऊ दे. आवाज गेला तरी माणूस राहतो ना?” आता मात्र त्याला कळलं. तो वळला. भिंतीवर उंच लाकडी फळीवर टीव्ही होता, त्यात हॉस्पिटलची हिरवट भिंत होती आणि भिंतीसमोर पांढऱ्या सदऱ्यातला, जाड मिशीचा एक माणूस खाटेवर मांडी घालून बसला होता. त्याचा गळा उघडा होता. सलग, सपाट, कातडीने नीट मढवलेला गळा. शिवराम त्याच्या चेहऱ्याकडे न बघता त्या गळ्याकडेच बघत राहिला.

दुकानाचे सिंधी मालक कात्री हातात तशीच धरून वर बघत होते. “क्या आवाज है साईं,” ते शेजारच्या बाईला म्हणाले, “बघा ना, कापायला चाललाय, तरी कसा बोलतो. रेडिओसारखा. बिचारा गेला असणार.” मग खाली बघून त्यांनी शिवरामला विचारलं, “हां भाऊ, काय देऊ?” शिवरामच्या गळ्याभोवती मे महिन्याच्या उकाड्यातही सुती उपरणं गुंडाळलेलं होतं, मिशी केव्हाच गेली होती, हॉस्पिटलात किरणांचा शेक घेतल्यापासून गालही बसले होते. मालकांनी त्याच्याकडे पाहिलं, पुन्हा टीव्हीकडे पाहिलं आणि दोन्हींचा काही संबंध लावला नाही. मी, असं त्याला म्हणायचं होतं. तो मीच. त्याचं तोंड उघडलंसुद्धा. उपरण्याखालच्या भोकातून नुसती हवा सुटली आणि कापड थोडं फुगून खाली बसलं. नमुन्याचा तुकडा गल्ल्यावरच टाकून तो बाहेर आला.

बाहेर ऊन होतं. जीन्सचे गठ्ठे डोक्यावर घेऊन माणसं पळत होती, शेअर रिक्षावाले ओरडत होते, आणि प्रत्येकाच्या तोंडातून आवाज कसा सहज, फुकट निघत होता. शिवराम चालत सुटला. रिक्षा करायची, घरी जायचं, हे डोक्यात होतं पण पाय थांबेनात. गेलेली तीन वर्षं आपण ज्याला टाळत होतो तो इथे बाजारात उघड्यावर बसून बोलतोय, आणि लोक त्याच्याबद्दल हळहळतायत. बिचारा गेला असणार. बरोबरच आहे त्यांचं. गेलाच की तो. पण मग हा कोण चाललाय, घामाने भिजलेला? वालधुनी नदीच्या पुलावर आल्यावर तो कठड्याला टेकला. खाली जीन्स धुतलेलं निळंकाळं पाणी संथ चाललं होतं. पुलावरून जाणारी माणसं नाकाला रुमाल लावून घाईने पुढे जात होती. शिवरामला वास येत नव्हता. नाकातून श्वासच जात नाही तर वास कुठून येणार? एवढ्या घाणीवर निवांत टेकून उभा राहिलेला माणूस बघून एका पोराने मित्राला कोपराने ढोसलं. पाणी बघता बघता शिवरामच्या मनात आलं की ह्या नदीला पूर्वी वास होता, तेव्हा आपण तिला शिव्या द्यायचो. आता शिव्याही गेल्या आणि वासही.

आवाजाचं कौतुक त्याला लहानपणापासून होतं, म्हणजे लोकांनीच ते करून ठेवलं होतं. कॅम्प पाचच्या विहारात पौर्णिमेला वंदना घ्यायची तर शिवरामने. जयंतीच्या मिरवणुकीत गाडीवरचा माइक शिवरामच्या हातात. कुणाचं लग्न असलं तर मंगल मैत्रीची पहिली ओळ त्यानेच उचलायची, मग बाकीच्यांनी. अंबरनाथच्या एका रंगाच्या कंपनीत तो टाइम ऑफिसात, हजेरीच्या कामावर होता. तिथे बसल्या जागेवरून हाक मारली तर गेटापलीकडचा वॉचमन वळायचा. बाप गिरणीत होता, त्याला साहेबासमोर तोंड उघडता येत नसे. त्यामुळे आपल्याला मिळालेला हा आवाज बापाचासुद्धा वाटा घेऊन आलाय, असं शिवरामला वाटायचं. त्याच आवाजाला ऊब यावी म्हणून गालात तंबाखूची गोळी असायची. आधी घोगरेपणा आला. लोक म्हणाले, जयंतीला ओरडून बसलाय घसा. मग गिळताना कानात कळ जायला लागली. मग मुंबईच्या मोठ्या हॉस्पिटलात एका तरुण डॉक्टरने खुर्ची पुढे ओढून घेतली, आणि खुर्ची ओढण्याच्या त्या पद्धतीवरूनच चांगुणा रडायला लागली.

तिथे वॉर्डात कॅमेरा घेऊन अनुया यायची. बदलापूरची मुलगी, खांद्याला झोळी, एका संस्थेसाठी आजारी माणसांवर फिल्म करत होती. इतरांनी तोंडं भिंतीकडे केली. कुणी म्हणालं, आमचा तमाशा करू नको बाई. शिवराम मात्र उठून बसला, मिशीवरून हात फिरवला आणि म्हणाला, “विचार काय विचारायचं ते.” खरं सांगायचं तर कॅमेऱ्याचा लाल दिवा लागला की त्याला माइक हातात आल्यासारखं वाटायचं. अनुया प्रश्न विचारायची, मान हलवायची, तिचे डोळे भरून यायचे, आणि ते डोळे भरलेले दिसले की ह्याचे शब्द आणखी उंच चढायचे. आवाज गेला तरी माणूस राहतो, हे वाक्य त्याने आधी ठरवलं नव्हतं. ते तोंडातून निघालं, अनुयाचा श्वास थांबलेला त्याला दिसला, आणि मग ते खरंच आहे असं त्यालाही वाटलं. ऑपरेशनच्या दिवशी तिने त्याला स्ट्रेचरवर जाताना टिपलं. ऑपरेशन थिएटरचं दोन झडपांचं दार उघडलं, मिटलं, आणि फिल्म तिथे संपली. त्यानंतर ती आली होती एकदा, केळी घेऊन. नळ्या लावलेला, भोकातून खुरखुरणारा शिवराम बघून तिने झोळीतून कॅमेरा काढलाच नाही. बाहेर जाऊन रडली, असं चांगुणाने सांगितलं. शिवरामला तेव्हा तिचा राग आला नव्हता. राग पुढे आला, अंबरनाथच्या हॉलमध्ये फिल्म दाखवली तेव्हा. पहिल्या रांगेत त्याला बसवलं होतं. टाळ्या झाल्या, शाल झाली, आणि आयोजकांनी सवयीने माइक त्याच्या तोंडासमोर धरला, “ओव्हाळसाहेबांनी दोन शब्द बोलावेत.” म्हणणाऱ्याच्या लगेच लक्षात आलं, त्याने जीभ चावली. पण माइक तेवढा वेळ समोर होता, आणि स्पीकरमधून सगळ्या हॉलला शिवरामच्या गळ्यातल्या भोकाचा श्वास ऐकू गेला. त्यानंतर तो विहारात गेला नाही.

बोलता येतच नव्हतं असंही नाही. हॉस्पिटलातल्या शिकवणाऱ्या बाईंनी युक्ती दाखवली होती: हवा गिळायची, ती पोटात जाऊ द्यायची नाही, अर्ध्यातून परत ढेकरेसारखी वर आणायची आणि त्या ढेकरेवर शब्द बसवायचा. पा, टा, का. पाट, टोपी, काका. एका ढेकरेला एक शब्द, फार तर दोन. बाई म्हणाल्या होत्या, तुम्ही पटकन उचललंत. उचललं होतंच, कानच तसा होता. पण त्याच कानाला तो आवाज ऐकवत नव्हता. बुजलेल्या मोरीत पाणी अडून गुडगुडावं तसा. शेजारच्या बनूबाईंची नात चिमी त्याच्या मांडीवर यायची. एकदा कौतुकाने त्याने तिला त्या आवाजात “चिमी” म्हटलं, आणि पोर अशी काही किंचाळत पळाली की बनूबाई लाटणं घेऊन बाहेर आल्या. त्या दिवसापासून शिवरामने ती युक्ती आतच मिटवून टाकली. घर गप्प झालं. चांगुणा एवढ्या तेवढ्यावरून भांडणारी बाई. तिने भांडणंच सोडली. उत्तर न देणाऱ्याशी काय भांडायचं, असं तिला वाटलं असेल, किंवा दया आली असेल. ती हळू बोलायची, मोठ्यांदा भांडीसुद्धा आपटायची नाही. मुलगी स्वप्नाली ठाण्याच्या ऑफिसातून आली की बापाशी हावभावांनी बोलायची, जसं काही तो बहिराही होता. सगळं कसं सुरळीत, समजूतदार. त्या समजूतदारपणात त्याला कधी कधी पायाने टेबल उलथून टाकावंसं वाटायचं.

तंबाखूविरोधी दिन जवळ आला म्हणून केबलवाल्याने ती फिल्म लावली होती, आणि एकदा लावून त्याचं समाधान झालं नव्हतं. दुसऱ्या दिवशी दुपारी पुन्हा लागली, तिसऱ्या दिवशी सकाळी. गल्लीतले लोक दारात येऊन चांगुणाला सांगायचे, “मावशी, काका टीव्हीवर.” शिवराम चप्पल घालून बाहेर पडायचा, तर पुढच्या घराच्या खिडकीतून तोच आवाज त्याला गाठायचा. एका खिडकीत वाक्य सुरू व्हायचं, दुसऱ्या खिडकीत संपायचं. तो लांब लांब पावलं टाकत कॅम्प चारपर्यंत जायचा, परत यायचा, पुन्हा जायचा. रात्री उशीवर कान ठेवला तरी कानाच्या आत कुणीतरी भरदार बोलत असायचं, आणि त्याला खोडून काढायला ह्याच्याकडे आवाज नव्हता.

अशात अनुयाचा फोन आला. चांगुणाने तो घेतला, बराच वेळ हं हं केलं, मग बाहेर येऊन पदराने हात पुसत त्याच्यासमोर उभी राहिली. “चिखलोलीला कुणी साहेब आहेत. कर्णिक. तुमचाच आजार. डॉक्टर म्हणतात आवाजाची पेटी काढावी लागेल, नाहीतर वर्षभरही नाही. ते ऐकतच नाहीत. त्यांच्या बायकोने फिल्म बघितली केबलवर, अनुयाचा नंबर शोधला. म्हणतात, त्या गृहस्थांना एकदा घेऊन या.” शिवरामने मान हलवली. नाही. “नाही कशाला?” चांगुणा म्हणाली, आणि खूप दिवसांनी तिच्या आवाजाला धार आली. “माणूस मरायला टेकलाय आणि तुम्ही नाही म्हणताय? बोलू नका ना. नुसते बसा जाऊन. दिसा तरी त्यांना, की जिवंत आहात.” जिवंत आहात ह्या शब्दावर ती अडखळली आणि आत निघून गेली. शिवराम गेला तो ह्याच्यामुळे नाही. शेजारच्या खिडकीत पुन्हा फिल्म सुरू झाली होती, म्हणून तो उठला.

चिखलोलीकडे तेव्हा नव्या इमारती उठत होत्या. मोकळ्या माळावर एकेक उभी, भोवती वाळूचे ढीग. अनुया फाटकाशी थांबली होती. तीन वर्षांत तिच्या चेहऱ्यावरचा कोवळेपणा ओसरला होता, झोळी मात्र तीच. “काका,” ती म्हणाली, आणि तिने त्याच्या हातातली पिशवीच घेतली. जिना चढताना शिवराम मध्येच थांबला. भोकातून धाप लागली की उपरणं ओलं होतं, ते त्याने सारखं केलं. दार नीलिमाताईंनी उघडलं. दिनानाथ कर्णिकांच्या पत्नी, गोऱ्या, थकलेल्या, केसांत पांढऱ्याची रुंद पट्टी. “या ना ओव्हाळसाहेब, या,” असं म्हणताना त्यांची नजर उपरण्यावर गेली आणि तिथून घाईघाईने निघाली. दिनानाथ आरामखुर्चीत होते. एका मोठ्या कारखान्यात प्रॉडक्शन मॅनेजर होते, हे अनुयाने जिन्यात सांगितलं होतं, पण न सांगताही कळलं असतं. टाइम ऑफिसात आयुष्य काढलेल्या शिवरामची पाठ त्यांना बघून आपोआप ताठ झाली आणि हात जोडले गेले. त्याचा त्यालाच राग आला.

“बसा,” दिनानाथ म्हणाले. आवाज घोगरा, कडेला फाटलेला. शिवरामने तो लगेच ओळखला. आपलाही असाच होता, शेवटच्या महिन्यात. “फिल्म पाहिली तुमची. दोनदा. नीलिमाने जबरदस्तीने दाखवली. उत्तम बोललात. अगदी हृदयाला हात घालणारं.” ते थांबले, खाकरले. “पण ती मुलगी तुम्हाला दारापर्यंत नेते आणि सोडून देते. दाराच्या पलीकडचं काहीच नाही. मला पलीकडचं ऐकायचंय. बोला तुम्ही.”

“अहो,” नीलिमाताई म्हणाल्या, “त्यांना त्रास कशाला...”

“मग कशाला बोलावलंय त्यांना? चहा प्यायला?” दिनानाथांनी खुर्चीच्या हातावर मूठ आपटली. “सगळे मला सांगतायत, साहेब, बोलता येतं, युक्ती असते, मशीन असतं. एकाने तरी ऐकवलंय? माझा आवाज काढून घेणार, तर त्याच्या बदल्यात काय देणार ते मला ऐकू दे. बोला ओव्हाळ. एक वाक्य.”

अनुया खाली बघत होती. शिवरामला वाटलं उठावं, जोडलेलेच हात पुन्हा जोडावेत आणि जिना उतरावा. चिमीचा चेहरा त्याला दिसला, किंचाळण्याआधीचा, जेव्हा तिला अजून कळलं नव्हतं की हा आवाज आजोबांच्या तोंडातून आलाय. त्याची जीभ टाळूला चिकटली होती. हवा गिळायची म्हटलं तरी गिळता येईना, एवढं तोंड कोरडं. आणि बहुधा म्हणूनच पहिला शब्दही तसाच आला. त्याने हवा ओढली, गिळली, वर आणली.

“पा-णी,” तो म्हणाला.

नीलिमाताई धावतच आत गेल्या. दिनानाथ मात्र खुर्चीत पुढे सरकले होते आणि त्यांच्या चेहऱ्यावर जे उमटलं ते त्यांना लपवता आलं नाही. किळस होती ती. “हे?” ते म्हणाले. “हे असं? माफ करा, पण ही तर ढेकर आहे.”

“ढे-कर,” शिवराम म्हणाला. “हो.”

“माझ्या एका हाकेवर कारखान्यातलं अख्खं शॉप थांबायचं. आणि ह्या आवाजात मी नातवाला गोष्ट सांगू? नाही. त्यापेक्षा आहे त्या आवाजात वर्षभर जगेन आणि जाईन.” ते नीलिमाताईंकडे बघून बोलत होते. ग्लास घेऊन आलेल्या त्या दारातच थांबल्या. मग ते पुन्हा शिवरामकडे वळले. “तुम्ही म्हणालात, आवाज गेला तरी माणूस राहतो. त्या वाक्यावरच नीलिमा मला चार दिवस छळतेय. राहतो का? खरं सांगा. इथे टाळ्या वाजवायला कुणी नाहीये.”

शिवरामने ग्लास घेतला, प्यायला, हळूहळू, मान एका बाजूला कलती करून. सगळे बघतायत हे त्याला कळत होतं. ग्लास खाली ठेवून त्याने मान हलवली. “नाही,” तो म्हणाला. “तो... नाही राहत.” नीलिमाताईंनी पदर तोंडाशी नेला. अनुयाने मान वर केली.

“आणि तीन वर्षं तुम्ही काय केलंत मग?”

“गप्प... बसलो.”

“बघा!” दिनानाथ जवळजवळ ओरडले, आणि ओरडल्यावर त्यांना ठसका लागला. ठसक्यातूनच ते बोलत राहिले. “स्वतः तीन वर्षं तोंड उघडलं नाहीत, लाज वाटली तुम्हाला ह्या आवाजाची, आणि मला सांगायला आलात?”

शिवरामच्या कानशिलात काहीतरी फटकन तापलं. ते इतक्या दिवसांनी होत होतं की त्याला ते आधी ओळखता आलं नाही. “सांगायला... नाही... आलो,” तो म्हणाला. प्रत्येक शब्दाला हवा गिळावी लागत होती आणि गिळेपर्यंत राग थांबत नव्हता, तो मध्येच छातीवर आदळत होता. “तुम्ही... बोलावलं. बोला... म्हणालात. आता... ऐका.” दिनानाथ काहीतरी म्हणणार होते, शिवरामने टाइम ऑफिसातल्या माणसाने साहेबासमोर कधीच केला नसता तसा हात वर करून त्यांना थांबवलं. “शिंक... इथून येते.” त्याने उपरणं ओढून बाजूला केलं. नीलिमाताईंनी डोळे मिटले. “अंघोळ... घाबरत. वास... कसलाच नाही. शेजारची पोर... पळाली. मला... बघून नाही. ऐकून.” तो थांबला, दम घेतला, भोकातून शिट्टीसारखा. “रात्री... उठतो. बोलावंसं... वाटतं. कोणाशी?”

“मग?” दिनानाथांनी हळू विचारलं. “तरी तुम्ही म्हणाल, करा ऑपरेशन?”

शिवरामने विचार केला. हॉस्पिटलातल्या खाटेवर बसला असता तर आत्ता त्याला एखादं मोठं वाक्य सुचलं असतं. मोठी वाक्यं ह्या आवाजात मावत नव्हती. “सकाळी...” तो म्हणाला, “भूक लागते.” पुन्हा गिळलं. “राग येतो. आत्ता... आला. तुमचा.”

दिनानाथ खुर्चीत मागे टेकले. मग त्यांच्या फाटलेल्या घशातून एक खरखरीत आवाज आला. ते हसत होते. शिवरामलाही हसू आलं, आणि त्याचं हसू तोंडातून न येता मानेतून भसाभस सुटलं, मांडीवर घसरलेलं उपरणंही हललं, त्यावर दिनानाथ आणखी हसले, नीलिमाताई डोळे पुसत “अहो, पुरे, ठसका लागेल” म्हणाल्या आणि खरंच दोघांनाही ठसका लागला, दोन वेगवेगळ्या जागांतून.

अनुयाचा हात झोळीकडे गेला आणि तिथेच थांबला. शिवरामने ते पाहिलं. “काका,” ती म्हणाली, “मी तेव्हा... मला नाही जमलं कॅमेरा काढायला. आता घेऊ का? कर्णिककाका, तुमचीही हरकत नसेल तर.” दिनानाथांनी खांदे उडवले. शिवरामने झोळीकडे बघितलं. लाल दिवा लागला की आपण पुन्हा खाटेवर चढून बसू, पुन्हा तिच्या डोळ्यांकडे बघत बोलू, ही भीती होती. ती भीती मनात असतानाच तो म्हणाला, “काढ. पण... मधलं... गिळणं... कापायचं नाही.”

तिने कापलं नाही. पुढे तो भाग तिने जुन्या फिल्मला जोडला, दार मिटतं त्याच्यानंतर, आणि बघणाऱ्या काही लोकांनी तक्रार केली की शेवट फार लांबतो, मध्ये मध्ये नुसती शांतता आहे. दिनानाथांनी लगेच होकार दिला नाही; त्यांनी त्या दिवशी शिवरामला आणखी तासभर प्रश्न विचारले, गरम चहावर फुंकर कशी मारता, फोनवर काय करता, बायकोला काय वाटतं, आणि शेवटच्या प्रश्नाला उत्तर मिळालं नाही तेव्हा दुसरीकडे बघितलं. पंधरवड्याने त्यांचं ऑपरेशन झालं. त्यानंतर शिवराम हॉस्पिटलात जाऊन त्यांच्याशी पा-टा-काची उजळणी करायचा, आणि दोघंही एकमेकांच्या आवाजाला नावं ठेवायचे. पण हे सगळं नंतरचं.

त्या दिवशी तो परत आला तेव्हा ऊन कलतं होतं. अख्ख्या वाटेत त्याच्या पोटात हवा गुरगुरत होती. सवय नसताना एवढं बोलल्यामुळे छातीत दुखत होतं, जबडा भरून आला होता. गल्लीत मुलं क्रिकेट खेळत होती. कुठल्याशा खिडकीत टीव्ही चालू होता, पण त्यात कुठलीतरी मालिका होती. घराचं दार आतून लावलेलं होतं. आतून फोडणीचा चुरचुर आवाज येत होता. शिवरामने कडी वाजवायला हात उचलला, आणि हात तसाच वर राहिला. मोठ्या आवाजात कित्येक हजार वेळा त्याने ह्या दारातून हाक मारली होती, कंपनीतून येताना कोपऱ्यावरूनच, सगळ्या गल्लीला ऐकू जाईल अशी. ती हाक त्याच्या डोक्यात पूर्ण, गोल उभी राहिली. त्याने तिला जाऊ दिलं. मग हवा गिळली.

“चां-गुणा.”

आतली फोडणी चुरचुरत राहिली. मग झाकण ठेवल्याचा आवाज आला, आणि चांगुणाचा, जरा घाबरलेला. “कोण आहे? हे घरी नाहीयेत. नंतर या.”

त्याने कपाळ दाराला टेकलं. लाकूड तापलेलं होतं. “आलो,” तो म्हणाला. “उघड.”

मग कडी निघाली. पिठाचे हात अंगापासून लांब धरून चांगुणा उंबऱ्यात उभी होती आणि त्याच्या खांद्यावरून मागे, गल्लीत बघत होती. “कोण होतं? कोण हाक मारत होतं मला?”

“मी,” शिवराम म्हणाला.

तिची नजर गल्लीतून परत आली. त्याच्या तोंडावर थांबली, मग गळ्यावर, मग पुन्हा तोंडावर. तिने ओठ दातांनी धरला. एक पाऊल मागे गेली आणि त्याच्या नाकासमोर तिने दार पुन्हा लावून घेतलं. कडीही घातली. क्रिकेट खेळणारी मुलं खेळ थांबवून बघायला लागली.

“हं,” दाराच्या आतून, अगदी जवळून, चांगुणाचा आवाज आला. “मारा आता हाक.”

शिवरामने हवा गिळली.